'डावीकडे' की 'उजवीकडे'? गेममधलं व्हॉइस चॅट गंडलं की काय तपासायचं

शनिवारची रात्र, साडेअकरा वाजलेले. बीजीएमआयमध्ये (पबजीच्या भारतीय अवतारात) आम्ही तिघं एका दुमजली घरात दबा धरून बसलेलो, चौथा बाहेर झाडामागे. झोन आकसत चाललेला. बाहेरच्याला पावलं ऐकू आली, तो जिवाच्या आकांताने ओरडला आणि आमच्या कानात एवढंच पडलं, "...वीकडे! ...वीकडे!" डावीकडे की उजवीकडे? दोघं डाव्या खिडकीला गेले, मी उजव्या. माणूस आला जिन्यावरून.

लॉबीत परतल्यावर पंधरा मिनिटं नुसतं भांडण. तो म्हणे, माझा माइक ठणठणीत आहे, नेट तुमचंच गंडलंय. आम्ही म्हणे, तो इअरफोन फेकून दे आधी. खरं तर माइकही बरा होता आणि नेटही. दोष कुठे होता ते पुढे येईलच. तिथपर्यंत पोचायला आम्हाला दोन आठवडे लागले, कारण आम्ही सुरुवातच उलट्या टोकाने केली.

आधी शेजारी विचारा

नळाला पाणी आलं नाही की आपण लगेच भिंत फोडून पाइप बघत नाही. शेजारी विचारतो, तुमच्याकडे आलंय का? त्यांच्याकडे असेल तर दोष आपल्या घरात, नसेल तर टाकीत. आवाजाचंही तसंच आहे. तोंडातून निघालेला शब्द माइकमध्ये शिरतो, वायरीतून किंवा ब्लूटूथवरून फोनमध्ये येतो, फोन तो गेमच्या हवाली करतो, गेम त्याचे बारीक तुकडे करून राउटरमार्गे सर्व्हरला पाठवतो आणि तिथून तो मित्राच्या घरी उतरून त्याच्या कानात जातो. मधली कुठलीही एक कडी तुटली तरी तक्रार मात्र एकच असते: "अरे, ऐकू येत नाहीये."

म्हणून कुठल्याही सेटिंगला हात लावण्याआधी तीन प्रश्न विचारा.

पहिला, कोणाचं कोणाला ऐकू येत नाही? चौघांपैकी एकालाच तुमचा आवाज येत नसेल आणि बाकीच्या दोघांना येत असेल, तर तुमचा माइक निर्दोष आहे. त्या एकाने चुकून तुम्हाला म्यूट केलंय किंवा तुमच्या नावापुढचा आवाज शून्यावर नेलाय. कोणालाच येत नसेल तर दोष तुमच्या बाजूला. तुम्हालाच कोणाचा येत नसेल तर माइक सोडा, स्पीकरकडे बघा. कोणाचंच कोणाला ऐकू येत नसेल तर सर्व्हर, किंवा सगळे वेगवेगळ्या चॅनेलवर बसलेत.

दुसरा, हे याच गेममध्ये होतं की व्हॉट्सॲप कॉलवरही? कॉलवर आवाज नीट जात असेल तर वायर, पिन, माइक यांच्यामागे लागू नका.

तिसरा, पहिल्यापासून की मध्येच? पहिल्यापासून नसेल तर परवानगी किंवा सेटिंग. मॅच सुरू असताना गेला तर फोन आला असेल, ब्लूटूथ सुटलं असेल किंवा नेटने दगा दिला असेल. आणि कालपर्यंत चालत होतं, आज अपडेट झाल्यावर बंद पडलं, तर माइकची निवड बदललेली असण्याची शक्यता सगळ्यात जास्त.

या तीन उत्तरांनी निम्मी पायपीट वाचते. बहुतेक जण मात्र पहिल्याच झटक्यात गेम काढून पुन्हा टाकतात. मीही टाकला होता. मागच्या पावसाळ्यात माझा आवाज अचानक विहिरीतून आल्यासारखा जायला लागला. मोबाइल डेटावर अख्खा गेम पुन्हा उतरवला, त्या दिवसाचा डेटा संपला, आवाज विहिरीतच. चार दिवसांनी लक्षात आलं, रस्त्यावरून घेतलेल्या नव्या सिलिकॉन कव्हरचं खालचं भोक माइकच्या भोकासमोर येतच नव्हतं.

गेम बाजूला ठेवा, रेकॉर्डिंग करा

हीच पहिली पायरी. फोनमधलं व्हॉइस रेकॉर्डर उघडा, खेळताना वापरता तोच इअरफोन लावा आणि दहा सेकंद बोला. विंडोजवर 'साउंड रेकॉर्डर' नावाचं ॲप असतं, ते पुरेसं आहे. ऐकून बघा. आवाज स्वच्छ असेल तर पुढच्या भागावर उडी मारा. नसेल तर दोष वस्तूत आहे.

फोन विनाइअरफोन धरून खेळत असाल तर आधी आपला हात बघा. बहुतेक फोनचा मुख्य माइक खालच्या कडेला, चार्जिंगच्या खाचेशेजारी असतो. फोन आडवा धरला की नेमका तो भाग तळहातात जातो. बोटाने मोकळं करून बोललात आणि आवाज आला तर फोन उलट फिरवून धरा, दुरुस्ती संपली. भोकात धूळ साचली असेल तर मऊ कोरड्या ब्रशने झटका. सुई, टाचणी घालू नका, आत पडदा असतो.

वायरच्या इअरफोनला मध्ये छोटी डबी असते, तिच्यावर म्यूटचं बटण असू शकतं. हेडसेटवर ते कानाच्या मागे असतं आणि काढता-घालताना सरकतं. हसू येईल, पण "माइक गेला" म्हणून आलेल्या मित्रांपैकी दोघांचं दुखणं एवढंच निघालं.

आता पिन. इअरफोनच्या पिनवरचे काळे पट्टे मोजा. तीन पट्टे असतील तर त्यात माइकची वाट आहे, दोनच असतील तर ती पिन फक्त ऐकण्यापुरती. लॅपटॉपला हल्ली एकच भोक असतं आणि त्यात तीन पट्ट्यांची पिन चालते. डेस्कटॉपला मात्र मागे हिरवं आणि गुलाबी अशी दोन वेगळी भोकं, एक ऐकायला, एक बोलायला. तीन पट्ट्यांची पिन नुसत्या हिरव्यात खुपसली तर तुम्हाला सगळं ऐकू येईल आणि तुमचं काहीच जाणार नाही. त्यासाठी स्प्लिटर लागतो: एका टोकाला तीन पट्ट्यांच्या पिनेसाठी भोक आणि दुसऱ्या टोकाला दोन पिना, एकीवर माइकचं चित्र, दुसरीवर हेडफोनचं. दुकानात 'स्प्लिटर द्या' एवढंच म्हटलंत तर दोन इअरफोन एकत्र लावायचा स्प्लिटर हातात पडतो. त्याला एक पिन आणि दोन भोकं असतात. दिसायला भावंडंच, कामाला उलटी. हेडसेट बरोबर नेऊन दाखवा.

जुने, स्वस्त इअरफोन पूर्ण आत ढकलल्यावर गप्प होतात आणि किंचित बाहेर ओढले की बोलायला लागतात. तीन काळ्या पट्ट्यांनी पिनेचे धातूचे चार भाग पडतात, त्यांच्या क्रमाचा हा घोळ असतो. माइकचा भाग आणि ग्राउंडचा (अर्थिंगचा) भाग यांची जागा दोन पद्धतींत उलटसुलट असते. अर्धवट ओढून खेळणं हा काही इलाज नव्हे, दुसरा इअरफोन घ्या. टाइप-सीच्या कन्व्हर्टरचंही असंच: काहींच्या आत आवाजाची चिप असते, काही नुसती वायर असतात. नुसत्या वायरवाले प्रत्येक फोनला चालत नाहीत.

परवानगी कोणी काढून घेतली?

रेकॉर्डिंग छान, तरी गेममध्ये आवाज नाही. आता परवानग्या.

अँड्रॉइडवर सेटिंग्जमध्ये ॲप्स, त्यात तुमचा गेम, त्यात परमिशन्स, त्यात मायक्रोफोन. 'ॲप वापरत असतानाच परवानगी द्या' असं हवं. 'दर वेळी विचारा' ठेवलं असेल तर मॅच उतरतानाच चौकट उगवते आणि घाईत 'नको'वर बोट पडतं. बरेच दिवस न उघडलेल्या ॲपच्या परवानग्या अँड्रॉइड स्वतःहून काढूनही घेतं, त्यामुळे परीक्षेनंतर दोन-तीन महिन्यांनी गेम उघडणाऱ्यांनी हे आधी बघावं.

२०२१ मध्ये आलेल्या अँड्रॉइड १२ पासून आणखी एक कुलूप आहे. वरून खाली ओढायच्या पट्टीत 'माइक ॲक्सेस' नावाची चौकट असते. ती बंद असेल तर परवानगी असूनही कोणत्याही ॲपला फक्त शांतता मिळते. खिशात फोन असताना चुकून बंद झालेली असू शकते. माइक खरंच चालू आहे का हे पडदाच सांगतो: अँड्रॉइडवर वरच्या कोपऱ्यात हिरवं चिन्ह, आयफोनवर २०२० च्या आयओएस १४ पासून नारिंगी ठिपका. गेममध्ये माइक चालू केल्यावर ते चिन्ह उमटत नसेल तर गेमपर्यंत आवाज पोचतच नाही, हे पक्कं.

विंडोजवर सेटिंग्ज, मग प्रायव्हसी, मग मायक्रोफोन. इथे एक नाही, तीन खटके आहेत. सगळ्यात वरचा संपूर्ण संगणकासाठी, मधला ॲप्ससाठी आणि तळाशी, बरंच खाली सरकल्यावर, डेस्कटॉप ॲप्ससाठी. व्हॅलोरंट हा गेम, डिस्कॉर्ड हे खेळताना गप्पा मारायचं ॲप, स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानातले गेम हे सगळे या तिसऱ्यात मोडतात. लोक वरचे दोन लावून येतात आणि तिसरा बंदच राहतो. याशिवाय काही अँटिव्हायरसमध्ये माइकची स्वतंत्र राखण असते, तीही बघा.

एक माइक, दोन मागणारे

मोबाइलवर खेळणाऱ्यांचा सगळ्यात फसवा दोष हा आहे. गेमचं चॅट चालू, मागे डिस्कॉर्डचा कॉलही चालू, वर स्क्रीन रेकॉर्डर. २०१९ मधल्या अँड्रॉइड १० पासून दोन ॲप्सनी एकाच वेळी माइक मागितला तर यंत्रणा आपल्या नियमांप्रमाणे एकाला आवाज देते आणि दुसऱ्याला शांतता. चूक झाली असा संदेश कुठेच येत नाही. दुसऱ्या ॲपला वाटतं माइक मिळाला, फक्त माणूस गप्प आहे. तुमच्या पडद्यावर माइकचं चिन्ह हसत उभं, आणि पलीकडे चिडीचूप.

म्हणून मोबाइलवर एकच वाट ठरवा. गेमचं चॅट वापरायचं तर डिस्कॉर्डमधून बाहेर पडा, डिस्कॉर्ड वापरायचं तर गेममधला माइक आणि स्पीकर दोन्ही बंद करा. फोन आला की माइक कॉलकडे जातो, हे साहजिकच आहे. पण कॉल संपल्यावर काही वेळा गेमला तो परत मिळत नाही. तेव्हा गेममधला माइक एकदा बंद करून चालू करा. फोनच्या 'गेम मोड'मध्ये आवाज बदलायचं खेळणं असेल तर तेही बंद ठेवा, तेही याच माइकच्या मागे असतं.

संगणकावर अनेक प्रोग्राम एकाच माइकवर सुखाने नांदतात, अपवाद एकच. कंट्रोल पॅनेलमधलं जुनं 'साउंड' उघडा, रेकॉर्डिंगच्या पानावर आपला माइक निवडा, प्रॉपर्टीज, ॲडव्हान्स्ड. तिथे एखाद्या प्रोग्रामला माइकचा एकट्याने ताबा घेऊ द्यायची चौकट असते. ती खूण काढून टाका. तिथे आलाच आहात तर 'कम्युनिकेशन्स' हे पानही बघा. कोणी बोलायला लागलं की गेमचा आवाज एकदम दबतो, पावलं ऐकू येत नाहीत, असं होत असेल तर कारण इथे आहे: विंडोज मुळातच बाकीचे आवाज ८० टक्क्यांनी कमी करतं. 'डू नथिंग' निवडा.

गेमची स्वतःची कुलपं

व्हॅलोरंटमध्ये सेटिंग्ज, ऑडिओ, व्हॉइस चॅट. इनपुट आणि आउटपुटमध्ये 'डिफॉल्ट' न ठेवता आपल्या हेडसेटचं नाव निवडा. 'डिफॉल्ट' म्हणजे विंडोजला वाटेल तो, आणि विंडोजला कधी वेबकॅमचा माइक आवडतो, कधी मॉनिटरचा. तिथेच आपला आवाज आपल्याला ऐकवणारी लूपबॅक चाचणी आहे. टीमशी बोलायचं बटण मुळात 'व्ही', पार्टीशी बोलायचं 'यू'. ही दोन वेगळी दालनं आहेत. मित्राला ऐकू येतंय पण अनोळखी दोघांना नाही, म्हणजे तुम्ही 'यू' दाबून बसलाय.

बीजीएमआयमध्ये नकाशाशेजारी माइक आणि स्पीकर अशी दोन चिन्हं असतात आणि दोन्हींना 'सगळे', 'टीम', 'बंद' अशा पायऱ्या. माइक 'सगळे'वर राहिला की घराबाहेरच्या शत्रूलाही तुमचा बेत ऐकू जातो, त्यामुळे टीमवरच ठेवा. सेटिंग्जच्या ऑडिओ पानावर माइक आणि स्पीकरच्या पट्ट्या वेगळ्या आहेत, त्या शून्याच्या जवळ नाहीत ना ते बघा.

बोलण्यावर बंदी आली असेल तर कुठलाही स्प्लिटर कामाचा नाही. शिवीगाळीच्या तक्रारी आल्या की गेम काही काळ तुमचा माइक काढून घेतो. सूचना येते, पण ती न वाचता 'ओके' दाबणारे आपणच. घरातल्या लहानांच्या खात्यांवरही अशी कुलपं असतात. फोर्टनाइटमध्ये १३ वर्षांखालच्या मुलाच्या खात्याला आईबाबांची संमती मिळेपर्यंत व्हॉइस चॅट मिळतच नाही. मुलाचा माइक 'खराब' आहे म्हणून नवा हेडसेट आणण्याआधी वयाचा रकाना बघा.

आणि काही गेममध्ये व्हॉइस चॅट नाहीच. अमंग असमध्ये लॉकडाउनच्या दिवसांत सगळं जग ओरडत होतं, पण डिस्कॉर्डवर. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीतही मॉड टाकल्याशिवाय आवाज नाही. त्यात माइकचं बटण शोधत एक संध्याकाळ घालवलेला माणूस मला चांगलाच ठाऊक आहे, रोज आरशात दिसतो.

ब्लूटूथ लावलं आणि सगळं डबक्यात गेलं

गाणी ऐकताना सुरेख वाजणारे इअरबड्स गेममध्ये माइक चालू करताच जुन्या लँडलाइनसारखे वाजतात, गोळ्यांचा आवाज पत्र्यावर खडे पडल्यासारखा येतो. इअरबड्स खराब झालेले नाहीत. साध्या ब्लूटूथला आवाज न्यायच्या दोन पद्धती आहेत. एक गाण्यांची: आवाज भरदार, पण एकाच दिशेने. दुसरी फोनकॉलची: दोन्ही दिशांनी, पण गुणवत्ता पार खाली. सीडीवर सेकंदाला ४४,१०० वेळा आवाजाचा नमुना घेतात; फोनकॉलच्या पद्धतीत सहसा ८,००० किंवा १६,००० वेळा. गेमने इअरबड्सचा माइक उघडला की ब्लूटूथ मुकाट्याने दुसऱ्या पद्धतीत उतरतं आणि माइकबरोबर ऐकण्याचाही दर्जा घेऊन जातं.

संगणकावर उपाय सोपा आहे. ऐकायला इअरबड्स, बोलायला लॅपटॉपचा स्वतःचा माइक. इनपुटमध्ये इअरबड्स कुठेच निवडू नका, गेममध्येही आणि डिस्कॉर्डमध्येही. एकाने जरी उघडला तरी सगळ्यांचा आवाज बसतो. विंडोज १० वर एकाच हेडसेटची 'स्टिरिओ' आणि 'हँड्स-फ्री' अशी दोन नावं दिसतात, आउटपुटला स्टिरिओ घ्या.

मोबाइलवर एवढी मोकळीक क्वचितच मिळते. शिवाय ब्लूटूथला उशीर लागतो: तोफ उडताना दिसते आणि मग ऐकू येते. माझं स्पष्ट मत, स्पर्धेचा गेम खेळायचा तर वायरचा दोन-तीनशे रुपयांचा इअरफोन तीन हजारांच्या इअरबड्सपेक्षा सरस. वायर नकोच असेल तर यूएसबी डोंगलबरोबर येणारे गेमिंग हेडसेट बघा. तेही बिनवायरचेच, पण ब्लूटूथच्या फोनकॉल पद्धतीवर अवलंबून नसतात.

घुमणारा आवाज: ज्याला ऐकू येतो तो दोषी नसतो

"मला माझाच आवाज परत ऐकू येतोय" असं कोणी म्हणालं की सगळे त्यालाच म्हणतात, तुझ्या सेटिंग बघ. चूक. त्याचा आवाज तुमच्यापैकी कोणाच्या तरी स्पीकरमधून बाहेर पडतोय, त्याच माणसाच्या माइकमध्ये शिरतोय आणि परत त्याच्याकडे जातोय. चोर ओळखायची खूण अशी: ज्याला घुमणं ऐकू येत नाही, तोच. चौघांपैकी तिघं तक्रार करत असतील आणि चौथा म्हणत असेल "माझ्याकडे तर एकदम क्लिअर आहे", तर बोट त्याच्याकडे दाखवा. खात्रीसाठी एकेकाने पाच सेकंद माइक बंद करावा. ज्याच्या वेळी घुमणं थांबलं, तो.

त्याला सांगा इअरफोन लाव. लावलेला असूनही होत असेल तर आवाज कमी कर, उघड्या इअरफोनमधून शेजारच्या माइकमध्ये गळती होतेच. संगणकावर 'मायक्रोफोन बूस्ट' २० किंवा ३० डेसिबलवर चढवून ठेवला असेल तर तो १० वर किंवा शून्यावर आणा. बूस्ट लावला की श्वास, पंखा आणि शेजारच्या खोलीतली मालिकाही टीमला ऐकू जाते. रेकॉर्डिंगच्या यादीत 'स्टिरिओ मिक्स' चालू असेल तर बंद करा. त्याने अख्ख्या गेमचा आवाज तुमच्या माइकमधून जातो.

...वीकडे

आता आमच्या चौथ्याकडे. त्याने फोन सोडून लॅपटॉपवर डिस्कॉर्ड लावलं होतं आणि खेळत होता मोबाइलवर. डिस्कॉर्डला पुश-टू-टॉक, म्हणजे बटण दाबलं तरच माइक उघडणं, नको असेल तर आवाज ओळखून माइक आपोआप उघडायची सोय आहे. त्यासाठी एक उंबरठा ठरवावा लागतो: याहून मोठा आवाज म्हणजे बोलणं, लहान म्हणजे पंख्याची घरघर. त्याचा उंबरठा फार उंच होता. बोलायला सुरुवात केली की पहिलं अक्षर उंबरठ्यावर ठेचकाळायचं आणि दार उघडेपर्यंत 'डा' किंवा 'उज' हवेत विरून जायचं. मराठीत दिशेचा सगळा अर्थ त्या पहिल्याच अक्षरात, शेपूट मात्र दोघांची एक. त्यामुळे दर वेळी "...वीकडे".

डिस्कॉर्डच्या 'व्हॉइस अँड व्हिडिओ' पानावर इनपुट सेन्सिटिव्हिटी आपोआप ठरवू द्या. त्यानेही जमलं नाही तर ती खूण काढून पट्टी हाताने सरकवा: पंखा चालू असताना पट्टी हलू नये आणि हळू बोललं तरी उमटावी, एवढ्यावर ठेवा. तिथेच 'माइक टेस्ट' आहे. तीत स्वतःला ऐकताना 'हॅलो हॅलो' म्हणू नका, 'डावीकडे, उजवीकडे' म्हणा.

गोंगाट कापणारी 'क्रिस्प'ची सोय साधारण चांगलीच आहे, कुकरची शिट्टी ती झकास गिळते. पण माणूस कुजबुजला किंवा एकदम किंचाळला तर ती त्यालाही गोंगाट समजू शकते. शब्द मधूनच तुटत असतील तर एकदा बंद करून बघा. आणि पुश-टू-टॉक वापरत असाल आणि गेम सुरू झाल्यावर बटण चालेनासं झालं, तर गेम 'ॲडमिनिस्ट्रेटर' म्हणून चालू आहे आणि डिस्कॉर्ड साधं, असं झालेलं असतं. विंडोज खालच्या दर्जाच्या प्रोग्रामला वरच्याच्या खिडकीतली बटणं ऐकू देत नाही. डिस्कॉर्डही ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा.

रोबोटसारखा आवाज म्हणजे नेट

आवाज धातूसारखा, तुटक, मध्येच दोन सेकंद गायब आणि मग घाईघाईत सगळं एकदम: हे मात्र नेटचं काम. आणि इथे लोक स्पीड टेस्ट करतात, १०० एमबीपीएस आकडा बघून छाती फुगवतात. वेगाचा इथे फारसा संबंध नाही. डिस्कॉर्ड वापरतं ते ओपस हे आवाज दाबून पाठवायचं तंत्र २०१२ मध्ये प्रमाणित झालं. त्यात आवाजाचे सहसा २० मिलिसेकंदांचे तुकडे होतात, म्हणजे सेकंदाला ५० पुड्या. ६४ केबीपीएस धरले तरी तासभर अखंड बोललात तर जेमतेम २९ एमबी. प्रश्न आहे तो पुड्या वेळेवर पोचण्याचा. उशिरा आलेली पुडी उपयोगाची नसते. तिची वेळ टळून गेलेली असते, म्हणून ती फेकून द्यावी लागते.

तपासायचं असं. विंडोजवर कमांड प्रॉम्प्ट उघडा, इंग्रजीत 'पिंग' लिहा, मग वजा-एन १००, मग ८.८.८.८ हा गूगलचा पत्ता. शंभर वेळा हाक मारून तो शेवटी हिशेब देतो. शंभरातल्या दोन-तीनपेक्षा जास्त हरवल्या किंवा सगळे आकडे ४० मिलिसेकंदांच्या आसपास असताना मधूनच ३०० दिसले, तर चोर सापडला. आता तेच राउटरच्या पत्त्याला, बहुधा १९२.१६८.१.१ ला, करून बघा. तिथेही हरवत असतील तर दोष घरातल्या वायफायचा, ब्रॉडबँडवाल्याला फोन लावू नका. तिथे स्वच्छ आणि बाहेर खराब असेल तर खुशाल लावा.

घरातला दोष असेल तर राउटरच्या पाच गिगाहर्ट्झ जाळ्यावर जा. २.४ गिगाहर्ट्झवर शेजारच्या चार फ्लॅटचे राउटर, तुमचं ब्लूटूथ आणि मायक्रोवेव्ह अशी सगळी गर्दी एकाच गल्लीत असते. लॅपटॉपला शक्य असेल तर सरळ केबल लावा. तुम्हाला सगळ्यांचं छान ऐकू येतंय पण तुमचाच आवाज तुटतोय, असं असेल तर अपलोडकडे बघा: कोणाच्या तरी फोनवरून लग्नाचे फोटो क्लाउडवर चढत असतात, नाहीतर दारावरचा कॅमेरा चोवीस तास चित्रण वर पाठवत असतो.

डिस्कॉर्ड 'आरटीसी कनेक्टिंग' किंवा 'नो रूट' वर अडकलं तर आधी व्हीपीएन बंद करा. आवाज यूडीपी या पद्धतीने जातो, आणि यूडीपी न पाठवणाऱ्या व्हीपीएनवरून तो जोडला जात नाही. कॉलेजच्या होस्टेलचं किंवा ऑफिसचं वायफाय हेच करतं. मोबाइल हॉटस्पॉटवर जाऊन जोडला गेला तर समजायचं, दोष त्या वायफायचा. चॅनेलच्या सेटिंगमध्ये प्रदेश दूरचा निवडलेला असेल तर 'इंडिया' करा. आणि डिस्कॉर्डमधला 'क्वालिटी ऑफ सर्व्हिस'चा खटका काही राउटरना झेपत नाही, तो बंद करून बघण्यासारखा आहे.

दुबई-अबुधाबीतल्या नातेवाइकांबरोबर खेळणाऱ्यांसाठी एक. तिथे इंटरनेटवरून बोलणं परवाना असलेल्या ॲप्सपुरतंच आहे, व्हॉट्सॲप कॉलही लागत नाही. त्यामुळे भावाचा गेम सुरळीत आणि आवाज जोडलाच जात नाही असं दिसलं तर त्याला माइक बदलायला लावू नका. आणि 'व्हीपीएन टाक ना' असा सल्ला इथे बसून देऊ नका, तिथला कायदा कडक आहे.

'नॅट' (घरातल्या सगळ्या यंत्रांना बाहेर एकाच पत्त्याने नेणारी राउटरची सोय) नावाचं भूत व्हिडिओंमध्ये फार नाचवतात. आवाज कंपनीच्या सर्व्हरमार्गे जात असेल तर त्याचा त्रास कमीच होतो. पीएस५सारख्या कन्सोलवर मात्र होतो. ब्रॉडबँडवाल्याच्या डबीला आपण दुसरा राउटर जोडतो आणि दोघेही स्वतःला घरमालक समजतात. आपल्या राउटरच्या पानावर बाहेरचा पत्ता १९२.१६८ किंवा १० ने सुरू होत असेल तर बहुधा हेच झालंय. आपल्या राउटरला 'ॲक्सेस पॉइंट' करून टाका, म्हणजे तो फक्त वायफाय देईल. १००.६४ ते १००.१२७ मधला असेल तर तो कंपनीकडचा मामला, तुमच्या हातात नाही.

कन्सोलचं आणखी एवढंच: पीएस५च्या कंट्रोलरवरचं छोटं बटण नारिंगी उजळलं असेल तर तुम्ही म्यूट आहात. आणि पार्टीत बसलेले असताना गेममधल्या बाकीच्यांचं ऐकू येत नाही, हा बिघाड नव्हे, रचनाच तशी आहे.

सगळं तपासूनही चौघांचंही बंद असेल तर सर्व्हर बसलाय. तेव्हा काहीही उघडू-मिटवू नका, दहा मिनिटांपूर्वी बरोबर असलेल्या सेटिंग आपणच बिघडवून ठेवतो. व्हॅलोरंटमध्ये 'झेड' दाबून खूण टाका, बीजीएमआयमध्ये नकाशावर ठिपका ठेवा. आमचा चौथा आता आवाज शाबूत असला तरी ठिपकाच ठेवतो. त्याला विचारलं तर म्हणतो, ठिपक्याला पहिलं अक्षर नसतं.